नुसतं बसून राहायला ठेवलेल्या डॅगमारने अमेरिकेचा पहिला लेट नाइट शो खाऊन टाकला होता

रात्री झोपायच्या आधी मोबाईल हातात घेतला की कुठल्या ना कुठल्या अमेरिकन लेट नाइट शोचा तुकडा समोर येतोच. सूटमधला होस्ट, मागे शहराच्या दिव्यांचं चित्र, बाजूला बँड, होस्टच्या प्रत्येक जोकवर हसणारा एक जोडीदार आणि समोर खुर्चीत कुणीतरी स्टार. जिमी फॅलन बघा नाहीतर जिमी किमेल, साचा एकच. आपल्याकडच्या टॉक शोंनीही तो थोड्याफार फरकाने उचललाय.

या साच्याची पहिली कच्ची मांडणी झाली १९५० मध्ये, न्यूयॉर्कला. शोचं नाव होतं ब्रॉडवे ओपन हाऊस. तो जेमतेम पंधरा महिने चालला. त्याच्या होस्टचं नाव आज अमेरिकेतही फारसं कुणाला आठवत नाही.

पण त्याच शोमध्ये एका बाईला स्टुलावर नुसतं बसून राहण्यासाठी आठवड्याला ७५ डॉलरवर ठेवलं होतं. तिने छान दिसावं, बाकी काही करू नये, एवढीच अपेक्षा. वर्षभरात ती होस्टपेक्षा मोठी झाली. होस्ट शो सोडून गेला. लाइफ मासिकाने तिला मुखपृष्ठावर घेतलं, फ्रँक सिनात्राने तिच्यासोबत गाणं रेकॉर्ड केलं आणि मोटारीच्या एका पार्टला कायमचं तिचं नाव चिकटलं.

नाव होतं डॅगमार. आणि गंमत म्हणजे ते नावही तिचं नव्हतं.

डोंगराळ भागातली रूथी

तिचं खरं नाव व्हर्जिनिया रूथ एग्नॉर. जन्म २९ नोव्हेंबर १९२१ चा, अमेरिकेच्या वेस्ट व्हर्जिनिया राज्यातला. गावाचं नाव यॉकी, लिंकन काउंटीतलं. डोंगराळ, गरीब मुलूख. गावात सगळे तिला रूथी म्हणायचे.

पुढे ती हंटिंग्टन या जवळच्या शहरात आली. तिथल्या बिझनेस स्कूलमध्ये शिकली आणि वॉलग्रीन्सच्या दुकानात कामाला लागली. वॉलग्रीन्स म्हणजे औषधांचं दुकान, पण त्या काळी तिथे खाण्यापिण्याचा काउंटरही असायचा. रूथी कधी गल्ल्यावर बसायची, कधी सँडविच बनवायची, कधी टेबलं सांभाळायची. पाच फूट आठ इंच उंची, सोनेरी केस. लोक वळून बघायचे, पण सिनेमात नाहीतर नाटकात जायचं तिच्या डोक्यातही नव्हतं.

१९४१ मध्ये तिचं एंजेलो लुईसशी लग्न झालं आणि ती न्यूयॉर्कला आली. महायुद्ध पेटलं, नवरा नौदलात गेला. मागे राहिलेल्या बाईने वेळ घालवायला आणि चार पैसे मिळवायला मॉडेलिंग सुरू केलं. लग्नानंतरच्या आडनावावरून तिने नाव घेतलं, जेनी लुईस.

१९४४ मध्ये तिला ब्रॉडवेवर काम मिळालं. नाटक होतं लाफिंग रूम ओन्ली, ओल्सन आणि जॉन्सन या जोडीचं. ही जोडी म्हणजे त्या काळातला पक्का धुडगूस. प्रेक्षकांत पेरलेली माणसं, मध्येच फुटणारे फटाके, कथेचा पत्ता नाही आणि विनोद मात्र मिनिटाला चार. ते नाटक जुलै १९४५ पर्यंत चाललं. त्यानंतर डिसेंबर १९४६ पासून बर्लेस्क हे दुसरं नाटक आलं, ते जानेवारी १९४८ पर्यंत. त्यात मुख्य भूमिकेत होता बर्ट लार. ‘विझार्ड ऑफ ऑझ’मधला भित्रा सिंह आठवतोय? तोच तो.

या दोन नाटकांकडे नीट बघायला हवं. डॅगमारची गोष्ट सांगताना ती अचानक कुठूनतरी उगवली, नशिबाने स्टार झाली असं सांगायची पद्धत आहे. पण त्या स्टुलावर बसायच्या आधी तिची काही वर्षं अमेरिकेतल्या सगळ्यात हुशार विनोदी नटांच्या शेजारी रंगमंचावर गेली होती. हशा कधी फुटतो, तो संपेपर्यंत किती थांबायचं, कुणाच्या वाक्यावर आपण हलायचं नाही, हे तिने रोज रात्री समोर बघितलं होतं.

रात्री अकरा वाजता टीव्ही कोण बघणार?

आता थोडं टीव्हीकडे. १९५० मध्ये अमेरिकेतल्या शंभरातल्या जेमतेम नऊ घरांत टीव्ही होता. भारतात तर टीव्ही यायलाच अजून नऊ वर्षं होती. दिल्लीत प्रसारण सुरू झालं सप्टेंबर १९५९ मध्ये आणि मुंबई दूरदर्शन आलं २ ऑक्टोबर १९७२ ला.

अमेरिकेत तेव्हा रात्री अकराच्या सुमारास बहुतेक स्टेशनं गाशा गुंडाळायची. पण एनबीसी या नेटवर्कमध्ये पॅट वीव्हर नावाचा एक डोकेबाज माणूस होता. (‘एलियन’ आणि ‘अवतार’वाली सिगॉर्नी वीव्हर याचीच मुलगी.) त्याचं म्हणणं साधं होतं. लोक रात्री जागे असतात, त्यांच्या घरात टीव्ही आहे, आणि ही वेळ कुणीच विकत नाहीये. मग आपण का विकू नये? काचेच्या वस्तू आणि बाटल्या बनवणारी अँकर हॉकिंग ही कंपनी प्रायोजक म्हणून पुढे आली.

होस्ट म्हणून डॉन हॉर्न्सबी या तरुण कॉमेडियनला पक्कं केलं. आणि शो सुरू व्हायच्या तोंडावर मे १९५० मध्ये हॉर्न्सबी पोलिओने गेला. वय अवघं सव्वीस. पोलिओची लस यायला अजून पाच वर्षं होती.

एनबीसीने धावाधाव केली. शेवटी दोन होस्टमध्ये आठवडा वाटून दिला. काही रात्री मोरी ॲम्स्टरडॅम आणि काही रात्री जेरी लेस्टर. २९ मे १९५० ला शो सुरू झाला. रात्री अकरा ते बारा, सगळं लाइव्ह. गाणी, टॅप डान्स, जुन्या नाट्यगृहांतून उचललेले विनोद, अ‍ॅकॉर्डियन वाजवणारा मिल्टन डेलग आणि त्याचा बँड. फार तयारी नाही, फार खर्च नाही. ॲम्स्टरडॅम १९५० मध्येच बाहेर पडला आणि शो लेस्टरचा झाला.

जेरी लेस्टर हा शिकागोचा. नाइट क्लबमध्ये तयार झालेला, तोंडं वेडीवाकडी करणारा, एक क्षण गप्प न बसणारा कॉमेडियन. स्टेजवर त्याचं सतत काहीतरी चालू असायचं. त्याला शोभेला एक बाई हवी होती. जेनी लुईस आली.

नाव ठेवलं डॅगमार

लेस्टरने तिला नवं नाव दिलं, तेही थट्टेने. तेव्हा सीबीएसवर ‘मामा’ नावाची कौटुंबिक मालिका जोरात होती. सॅन फ्रान्सिस्कोत स्थायिक झालेल्या एका नॉर्वेजियन कुटुंबाची सालस गोष्ट. त्यातल्या धाकट्या मुलीचं नाव डॅगमार. घराघरातल्या त्या गोड, लहान पोरीचं नाव रात्री अकरा वाजता खोल गळ्याच्या गाऊनमधल्या उंच बाईला द्यायचं, एवढाच जोक.

इथे एक गंमत आहे, आणि ती लेस्टरलाही माहीत असायचं कारण नव्हतं. ‘मामा’मधली ती छोटी डॅगमार साकारत होती रॉबिन मॉर्गन, तेव्हा नऊ वर्षांची. ती मोठी झाली, टीव्ही सोडला आणि अमेरिकेतल्या स्त्रीवादी चळवळीतलं एक मोठं नाव बनली. सप्टेंबर १९६८ मध्ये अटलांटिक सिटीला मिस अमेरिका स्पर्धेच्या विरोधात जी गाजलेली निदर्शनं झाली, बाईला तिच्या शरीराच्या मापावर तोलू नका असं सांगणारी, त्यांच्या आयोजकांत रॉबिन मॉर्गन पुढे होती.

म्हणजे एकाच वेळी अमेरिकन टीव्हीवर दोन डॅगमार होत्या. एकीला देशाने मापांवरूनच ओळखलं आणि दुसरी त्या मापांविरुद्ध रस्त्यावर उतरली. असा योगायोग एखाद्या लेखकाने कथेत घातला असता तर संपादकाने तो खोडला असता.

स्टुलावरचं काम

तर काम काय होतं? गाऊन घालायचा. बँडजवळ उंच स्टुलावर बसायचं. चेहरा कोरा ठेवायचा. काही विचारलंच तर अगदीच ढ असल्यासारखं उत्तर द्यायचं. सोनेरी केसांची सुंदर पण बिनडोक बाई, हे अमेरिकेतलं जुनं सोंग. त्याच काळात ते सिनेमातही जोरात होतं. ‘बॉर्न यस्टरडे’मध्ये ज्युडी हॉलिडेने अशीच भूमिका केली आणि मार्च १९५१ मध्ये बेट डेव्हिस आणि ग्लोरिया स्वॉन्सनला मागे टाकून ऑस्कर नेलं. मेरिलिन मन्रोची ‘जंटलमेन प्रिफर ब्लाँड्स’ यायला अजून दोन वर्षं होती.

डॅगमारने बसायला सुरुवात केली आणि लवकरच लोकांच्या लक्षात आलं की नजर लेस्टरवर टिकतच नाहीये.

याचं एक कारण उघड आहे आणि ते लपवायचं कारण नाही. तो गाऊन मुद्दाम निवडलेला होता. लेस्टरचे बरेचसे जोक तिच्या अंगावरूनच असायचे. वर्तमानपत्रांनी तिची मापं इंचांसकट छापली. आज बघताना त्यातले बरेच जोक अंगावर येतात.

पण केवळ दिसण्यावर कुणी महिनोन्महिने लोकांना रात्री जागं ठेवत नाही. न्यूयॉर्कमध्ये सुंदर मुलींचा तुटवडा तेव्हाही नव्हता. दुसरं कारण म्हणजे डॅगमार विनोद करत होती आणि फार चांगला करत होती. शोमध्ये ती काहीतरी वाचून दाखवायची. स्वतःची म्हणून सांगितलेली कविता, एखादा निबंध. मजकूर संपूर्ण बाष्कळ. आवाज सपाट, चेहऱ्यावर एक रेष हलायची नाही, जणू विद्यापीठात प्रबंध वाचतेय. शब्द चुकीच्या जागी पडायचे आणि तिला त्याचा पत्ताच नसल्यासारखी ती पुढे जायची. प्रेक्षक लोटपोट व्हायचे. ती हशा संपेपर्यंत थांबायची आणि मग तितक्याच गांभीर्याने पुढची ओळ.

हे किती अवघड असतं ते तमाशा बघणाऱ्या माणसाला वेगळं सांगायला नको. सोंगाड्या भोळसट असतो म्हणून त्याचं काम करणारा नट भोळसट नसतो. उलट फडातलं टायमिंग सगळ्यात पक्कं त्याचंच असावं लागतं. इथे तर शेजारी लेस्टर हातवारे करत, किंचाळत, धावत होता. त्या गोंधळात स्थिर बसलेली एकच व्यक्ती. डोळा आपोआप तिच्याकडे जायचा. शांत बसणं हेच तिचं हत्यार झालं, आणि ते हत्यार लेस्टरनेच स्वतःच्या हाताने तिला दिलं होतं.

हळूहळू ती छोट्या नाटुकल्यांतही दिसायला लागली. मधल्या गप्पांत तिचं उत्तर लेस्टरच्या प्रश्नापेक्षा चपखल यायला लागलं. बिनडोक बाईचा मुखवटा तसाच, पण मागची बाई हुशार आहे हे बघणाऱ्याला कळत होतं. हे दोन्ही एकत्र दिसणं हीच खरी मजा होती.

७५ चे १,२५० झाले

पत्रं यायला लागली. वर्तमानपत्रांत तिच्यावर रकाने भरायला लागले. इतर बड्या शोंमधून बोलावणी आली. मिल्टन बर्ल, म्हणजे तेव्हाचा टीव्हीचा बेताज बादशहा, त्याच्या शोमध्येही ती झळकली. तिला आडनावाची गरज उरली नाही. नुसतं डॅगमार म्हटलं की पुरे.

पगार ७५ डॉलरवरून आठवड्याला १,२५० डॉलरवर गेला. म्हणजे सोळा पटींहून जास्त. तेही वर्षभराच्या आत.

आणि इथेच बिनसलं. शो लेस्टरचा, कल्पना त्याची, नावसुद्धा त्यानेच ठेवलेलं. आणि लोक विचारतायत ते डॅगमारबद्दल. त्याला हे सहन होईना, हे तेव्हाही सगळे सांगायचे आणि आजही तेच सांगितलं जातं. शोमध्ये आणखी एक सोनेरी केसांची नटी आणली गेली, बार्बरा निकोल्स. (ती पुढे सिनेमांत चांगलीच चमकली.) पण एका डॅगमारवर दुसरी डॅगमार हा उतारा काही लागू पडला नाही.

मे १९५१ मध्ये लेस्टर स्वतःचाच शो सोडून गेला.

त्याची बाजूही समजून घ्यायला हवी. रात्रीमागून रात्र तासाभराचा लाइव्ह शो खेचायचा, लेखकांची फौज नाही, जुने जोक संपत आलेले. आज अशा शोमागे लेखकांची अख्खी टीम बसलेली असते. लेस्टर जवळपास एकट्याच्या दमावर ते ओढत होता आणि टाळ्या मात्र स्टुलाकडे जात होत्या. राग आला असेल तर नवल नाही. पण ज्या कामासाठी त्याने तिला घेतलं, तेच तिने त्याच्या कल्पनेपेक्षा चांगलं केलं. तिच्याविरुद्धची तक्रार शेवटी एवढीच उरते.

लेस्टर गेल्यावर जॅक लेनर्ड हा कॉमेडियन आला. डॅगमार होतीच, आणि आता लोक शो लावायचे ते तिच्यासाठी.

१६ जुलै १९५१ ला लाइफ मासिकाचा अंक आला, मुखपृष्ठावर डॅगमार. लाइफ म्हणजे तेव्हाचं इन्स्टाग्राम समजा. घराघरात जाणारं, आणि ज्याच्या मुखपृष्ठावर आलात की देशभर पोचलात असं मासिक. फोटो काढला होता अल्फ्रेड आयझेनश्टेटने. महायुद्ध संपल्यावर टाइम्स स्क्वेअरमध्ये नर्सचं चुंबन घेणाऱ्या खलाशाचा तो जगप्रसिद्ध फोटो ज्याचा, तोच हा फोटोग्राफर.

मुखपृष्ठ आलं आणि सव्वा महिन्यात, २४ ऑगस्ट १९५१ ला ब्रॉडवे ओपन हाऊस बंद पडला.

सिनात्राचं भुंकणारं गाणं

त्याच १९५१ मधली आणखी एक गोष्ट. फ्रँक सिनात्राचे दिवस तेव्हा वाईट चालले होते. रेकॉर्ड खपत नव्हत्या, एव्हा गार्डनरबरोबरच्या प्रकरणावरून पेपर रोज सोलून काढत होते. कोलंबिया रेकॉर्ड्सचा मिच मिलर हा निर्माता गंमतगाण्यांच्या नादी लागला होता, कारण ती विकली जायची. टीव्हीवर डॅगमार आणि सिनात्राची जोडी एकत्र दिसली आणि मिलरच्या डोक्यात ट्यूब पेटली.

गाण्याचं नाव ‘मामा विल बार्क’. त्यात दोन कुत्र्यांची प्रेमकहाणी आहे. सिनात्रा गातोय, डॅगमार मधूनमधून आपल्या त्या सपाट आवाजात वाक्यं टाकतेय आणि एक नकलाकार भुंकतोय. होय, हे खरंखुरं आहे, ऑनलाइन ऐकायला मिळतं.

कहर म्हणजे याच रेकॉर्डच्या दुसऱ्या बाजूला होतं ‘आय अ‍ॅम अ फूल टु वाँट यू’. सिनात्राच्या आयुष्यातल्या सगळ्यात दर्दभऱ्या गाण्यांपैकी एक, ज्याच्या लेखनात त्याचा स्वतःचा हात होता. एका बाजूला काळजाचा तुकडा आणि दुसऱ्या बाजूला भू-भू.

सिनात्राने हे गाणं मिलरला कधी माफ केलं नाही. पुढच्या वर्षी तो कोलंबियातून बाहेर पडला. संगीताचे जाणकार आजही त्याच्या पडत्या काळाचा तळ म्हणून याच गाण्याकडे बोट दाखवतात. यात अन्याय होतो तो डॅगमारवर. गाणं तिने लिहिलं नव्हतं, निवडलंही नव्हतं. तिला जे करायला बोलावलं, ते तिने त्या रेकॉर्डमध्ये नेमकं केलंय. त्या तीन मिनिटांत विनोदाचं टायमिंग कुणाला कळत होतं असं विचाराल, तर ते सिनात्राला नव्हतं.

स्वतःच्या नावाचा शो, पण पंधरा मिनिटांचा

मग एनबीसीने तिला काय दिलं? मार्च १९५२ मध्ये ‘डॅगमार्स कँटीन’ सुरू झाला. शनिवारी मध्यरात्र उलटून गेल्यावर, पंधरा मिनिटं. कोरियातलं युद्ध चालू होतं. प्रेक्षकांत सैनिक बसायचे, डॅगमार त्यांच्याशी गप्पा मारायची, गायची, नाचायची आणि त्यांच्यातल्याच काहींना स्टेजवर घेऊन नाटुकली करायची.

म्हणजे शोची होस्ट, मुलाखतकार, गायिका, नटी सगळं ती एकटी. रात्री उशिराच्या नेटवर्क टीव्हीवर बाईच्या नावाने शो, १९५२ मध्ये! मोठ्या नेटवर्कवर रात्रीचा टॉक शो बाईच्या हातात असणं आजही विरळाच आहे, हे लक्षात घेतलं म्हणजे ही गोष्ट किती पुढची होती ते कळतं. पण वेळ अशी दिली होती की बघणारे झोपलेले. जूनमध्ये शो बंद.

हवासुद्धा बदलत होती. टीव्हीवर बायकांचे गळे किती खोल असावेत यावर वर्तमानपत्रांत, चर्चमध्ये, राजकारणात वाद पेटला होता. प्रसारकांच्या संघटनेने स्वतःच एक आचारसंहिता केली, ती १ मार्च १९५२ पासून लागू झाली. त्यात कलाकारांचे कपडे आणि कॅमेऱ्याचे कोन यांवर बंधनं आली. डॅगमारचा स्वतःचा शो सुरू झाला तोही त्याच महिन्यात. ज्या गाऊनसाठी नेटवर्कने तिला नोकरी दिली, तोच गाऊन आता नेटवर्कला अडचणीचा वाटायला लागला होता.

यानंतरचा प्रवास थोडक्यात सांगता येतो. १९५५-५६ मध्ये ती ‘मास्करेड पार्टी’ या खेळाच्या कार्यक्रमात पॅनेलवर होती. वेषांतर करून आलेले पाहुणे ओळखायचे, असा तो खेळ. लास वेगासला तिने शो केले, उन्हाळ्यातल्या फिरत्या नाटकांत कामं केली, अधूनमधून टीव्हीवर पाहुणी म्हणून आली. लुईसशी तिचं लग्न टिकलं नव्हतं. १९५१ च्या सुमारास तिने डॅनी डेटन या नटाशी लग्न केलं, तेही पुढे मोडलं. तिसरा नवरा बँडलीडर डिक हिंड्स. त्याच्यासोबत ती शेवटपर्यंत राहिली, तो १९७० च्या दशकात गेला.

एनबीसीने रात्रीची ती जागा रिकामी ठेवली. सप्टेंबर १९५४ मध्ये पॅट वीव्हरने पुन्हा डाव मांडला, होस्ट स्टीव्ह अ‍ॅलन, नाव ‘टुनाइट’. पुढे जॅक पार, मग जवळपास तीस वर्षं जॉनी कार्सन, आणि तीच गादी आज फॅलनकडे. लेस्टरला मात्र दुसरी संधी त्या तोडीची मिळाली नाही. तो १९९५ मध्ये वारला.

आणि ते गाडीचं काय?

हा भाग राहिलाच. दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकन गाड्या दिवसेंदिवस लांब, चकचकीत आणि नखरेल व्हायला लागल्या. जनरल मोटर्सचा डिझाइनप्रमुख हार्ली अर्ल याला विमानं आणि तोफगोळ्यांचं वेड. त्याने कॅडिलॅकच्या पुढच्या बंपरवर क्रोमचे दोन टोकदार उंचवटे बसवले. गाडी सुसाट सुटलेल्या गोळ्यासारखी वाटावी, हा हेतू. धक्का लागला तर पुढचा भाग वाचावा, हाही.

लोकांना त्यात तोफगोळे दिसले नाहीत. त्यांना डॅगमार दिसली. गॅरेजवाल्यांनी, गाडीवाल्यांनी त्या उंचवट्यांना डॅगमार म्हणायला सुरुवात केली आणि तो शब्द चिकटला तो चिकटलाच. दशकभर हे उंचवटे मोठे होत गेले. ब्यूक, पॅकार्ड, मर्क्युरी, लिंकन, सगळ्यांनी ते लावले. १९५७ च्या कॅडिलॅकवर तर त्यांना काळी रबरी टोकं आली, आणि त्यावरून काय काय जोक झाले असतील ते सांगायला नको. साठच्या दशकात फॅशन बदलली, उंचवटे गेले.

शब्द मात्र राहिला. आजही जुन्या कॅडिलॅकचे सुटे भाग विकणाऱ्यांच्या याद्यांमध्ये हेडलाइट, ग्रिल, डॅगमार असं सरळ लिहिलेलं असतं. ते विकणाऱ्या आणि विकत घेणाऱ्या कितीतरी जणांच्या गावीही नसतं की हे एका विनोदी नटीचं नाव आहे.

पुन्हा वेस्ट व्हर्जिनिया

हिंड्सच्या जाण्यानंतर बरीच वर्षं ती प्रसिद्धीपासून लांबच राहिली. १९९० च्या दशकात ती वेस्ट व्हर्जिनियाला घरच्यांकडे परत आली. हंटिंग्टनला लागून सेरेडो नावाचं छोटं गाव आहे, तिथे. जिथे गल्ल्यावर बसायची त्या वॉलग्रीन्सपासून हाकेच्या अंतरावर म्हणता येईल असं.

९ ऑक्टोबर २००१ ला तिथेच तिचं निधन झालं. वय ७९. न्यूयॉर्कवर हल्ला होऊन तेव्हा महिनाही झाला नव्हता, पेपरांत दुसऱ्या बातम्यांना जागा नव्हती. तरी न्यूयॉर्क टाइम्सने तिच्यावर मृत्युलेख छापला.

ब्रॉडवे ओपन हाऊसचे फार थोडे भाग आज शिल्लक आहेत. व्हिडिओ टेप तेव्हा आलीच नव्हती. टीव्हीच्या पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावून जे काही उतरवलं, तेवढंच उरलंय. चित्र धुरकट, आवाज खरखरणारा. इंटरनेटवर शोधलं तर त्यातले एक-दोन तुकडे सापडतात. बघायला बसलात तर लेस्टरकडे बघू नका, तो सगळीकडे आहे. स्टुलाकडे बघा, आणि तेही ती बोलत नसताना.